चाळीस वर्षांची खिडकी

'मेड इन जपान' म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे येतात गाड्या, कॅमेरे, वॉकमन. पण या सगळ्याच्या सुमारे तीनशे वर्षं आधी जपानने एक माल जगभर विकला होता. तोही गिऱ्हाइकाच्या स्पेसिफिकेशनप्रमाणे, ऑर्डरवर बनवून, गवतात बांधून, बोटीत भरून. तो माल म्हणजे पोर्सेलीनच्या बश्या, वाडगे, सुरया आणि कॉफीचे पेले. या शनिवारचा विषय तोच.

विषय काचेच्या कपाटातला वाटेल, पण आयटीवाल्यांनो, जरा थांबा. ऑफशोअर काम, एकाच व्हेंडरवर अवलंबून राहणं, पायलट प्रोजेक्ट, रिव्हर्स इंजिनीअरिंग, ट्रेड सीक्रेट असं आपलं सगळं रोजचं शब्दभांडार इथे आहे, फक्त सतराव्या शतकातलं. आणि या गोष्टीत एक प्रश्न आहे जो माझ्या डोक्यातून गेले काही महिने जात नाहीये. आपला धंदा जर दुसऱ्या कुणाच्या अडचणीमुळे सुरू झाला असेल, तर ती अडचण संपल्यावर काय उरतं?

आधी मालाविषयी. पोर्सेलीन म्हणजे आपली लोणच्याची बरणी नव्हे. बरणीही चिनी मातीचीच म्हणतात, पण ती जाड, जड आणि अपारदर्शक. पोर्सेलीन पांढरंशुभ्र, पातळ, उजेडासमोर धरलं तर प्रकाश आरपार झिरपतो, बोटाने टिचकी मारली तर घंटेसारखं वाजतं. त्यासाठी विशिष्ट प्रकारची पांढरी माती किंवा दगड लागतो आणि साधारण तेराशे अंश सेल्सिअसची भट्टी. हे तंत्र चीनकडे हजारेक वर्षं होतं. युरोपला १७०८ पर्यंत ते जमलेलं नव्हतं. त्यामुळे सतराव्या शतकाच्या सुरुवातीला चांगलं पोर्सेलीन हवं असेल तर जग एकाच गावाकडे बघायचं: दक्षिण चीनमधलं जिंगदेझेन. डच ईस्ट इंडिया कंपनी, म्हणजे व्हीओसी, १६०२ साली स्थापन झाली आणि पुढच्या पन्नासेक वर्षांत तिने तीस लाखांहून जास्त चिनी नग युरोपात नेले. एकच सप्लायर, बॅकअप शून्य.

आता जपान. तिथे पोर्सेलीन कसं आलं ही गोष्ट काही फार अभिमानाने सांगण्यासारखी नाही. १५९२ ते १५९८ या काळात तोयोतोमी हिदेयोशीने कोरियावर दोनदा स्वारी केली. स्वारी फसली. पण परत येताना क्युशू बेटावरच्या सरदारांनी कोरियातले कुंभार उचलून आणले. काही गावंच्या गावं, बायकामुलांसकट. जपानमध्ये चहाच्या समारंभाचं वेड शिगेला पोचलेलं होतं आणि कोरियन वाडग्यांना तिथे प्रचंड मान होता. म्हणून या युद्धाला पुढे जपानीत 'भांड्यांचं युद्ध' असंही नाव पडलं.

हिझेन प्रांताचा सरदार नाबेशिमा नाओशिगे याच्या फौजेबरोबर आलेल्यांत यी साम-प्योंग नावाचा कुंभार होता. परंपरा असं सांगते की १६१६ साली अरिता गावाजवळच्या इझुमियामा डोंगरात त्याला पोर्सेलीनचा दगड सापडला आणि जपानी पोर्सेलीनचा जन्म झाला. इतिहासकार म्हणतात की एका माणसाने एका दिवशी लावलेला हा शोध नसावा. त्या पंचक्रोशीत साधारण त्याच दशकात अनेक कोरियन कुंभार याच खटपटीत होते. पण डोंगर खरा, दगड खरा. खोदून खोदून त्या डोंगराची अक्षरशः पोकळ वाटी झाली आहे, ती आजही बघता येते.

अशीच आणखी एक व्यक्ती म्हणजे बेकपासोन. नवरा वारल्यावर या बाईने आपल्या कुंभारांचा मोठा जथा घेऊन अरितातल्या हिएकोबा या भागात बिऱ्हाड हलवलं आणि तिथे भट्ट्या लावल्या. १६५६ साली, वयाच्या ९६व्या वर्षी ती गेली. अरिताच्या होओन-जी देवळात तिच्या वंशजांनी उभारलेला स्मृतिस्तंभ आहे. 'बेकपासोन' हे तिचं पाळण्यातलं नाव नव्हे. त्याचा अर्थ साधारण 'शंभरीची म्हातारी साध्वी' असा. खरं नाव कुणी लिहून ठेवलं नाही.

दगड सापडला, माल बनायला लागला, की सरकारचं लक्ष जातंच. भट्ट्यांसाठी जंगलं तोडली जात होती. १६३७ साली नाबेशिमा सरकारने भट्ट्यांची संख्या कमी करून त्या अरितात एकत्र आणल्या आणि ८२६ जपानी कुंभारांना या धंद्यातून हाकलून दिलं. कोरियन कसबी लोकांना मात्र ठेवून घेतलं. एका पिढीपूर्वी ज्यांना कैदी म्हणून आणलं, तेच आता बदलता न येणारे रिसोर्स झाले होते! (हा शब्द माणसांसाठी वापरलेला मला आवडत नाही, पण इथे तो चपखल बसतो.)

इथपर्यंत अरिताचा माल जपानपुरताच होता. मग चीनमध्ये स्फोट झाला.

१६४४ साली मिंग घराणं कोसळलं. मांचू आले, छिंग राजवट सुरू झाली, पण दक्षिण चीनमध्ये लढाया पुढची कित्येक वर्षं चालू राहिल्या. छिंगविरोधी आरमाराचा सेनापती झेंग चेंगगोंग समुद्रावर राज्य करत होता. त्याची रसद तोडायची म्हणून छिंग सरकारने १६६१ मध्ये किनाऱ्यावरची वस्तीच मागे हटवायचा हुकूम काढला आणि समुद्री व्यापार जवळजवळ बंद पाडला. १६६२ मध्ये झेंगने तैवानचा डच किल्लाही जिंकला. पुढे १६७३ पासून दक्षिणेतल्या सरदारांचं बंड झालं आणि त्यात जिंगदेझेनच्या भट्ट्यांची वाताहत झाली. थोडक्यात, जगाचा एकमेव सर्व्हर डाउन.

गंमत म्हणजे ही संधी सगळ्यात आधी हेरली ती चिनी व्यापाऱ्यांनीच. स्वतःच्या देशातला माल मिळेना, म्हणून ते नागासाकीहून जपानी माल उचलायला लागले. १६४७ साली एक चिनी जहाज नागासाकीहून सयाममार्गे कंबोडियाकडे निघालं, त्यात गवतात बांधलेले जाड्याभरड्या जपानी पोर्सेलीनचे १७४ गठ्ठे होते. जपानी पोर्सेलीनच्या निर्यातीची ही सर्वात जुनी लेखी नोंद मानतात.

डचांनी मात्र अगदी आपल्यासारखा पायलट प्रोजेक्ट केला. १६४१ पासून नागासाकीच्या बंदरातल्या देजिमा या कृत्रिम बेटावर त्यांना राहावं लागत होतं. जपानशी व्यापार करायची परवानगी असलेले ते एकमेव युरोपीय. १६५० च्या दशकात त्यांनी आधी लहान लहान खरेदी केली. बटाव्हियातल्या, म्हणजे आजच्या जाकार्तामधल्या, आपल्या दवाखान्यासाठी औषधाच्या बरण्या वगैरे. माल बरा निघाला. मग १६५९ मध्ये मोठी ऑर्डर आली: सुमारे ६५ हजार नग.

आणि इथे मला सगळ्यात आवडलेला तपशील. या ऑर्डरचा मोठा भाग युरोपसाठी नव्हताच, तो होता येमेनमधल्या मोखा बंदरासाठी. हो, तेच मोखा, ज्याच्या नावाची 'मोका' आपण कॉफी शॉपमध्ये पितो. अरब कॉफीवाल्यांना पेले हवे होते, चिनी पेले मिळत नव्हते, म्हणून डच व्यापाऱ्यांनी ते जपानी गावात कोरियन वंशाच्या कुंभारांकडून बनवून घेतले. व्हीओसीच्या आशियातल्या जाळ्यातून असा माल आपल्याकडे सुरत आणि बंगालमध्येही उतरायचा. ग्लोबलायझेशन १९९१ साली सुरू झालं असं ज्यांना वाटतं त्यांच्यासाठी एवढं पुरे :)

आता स्पेसिफिकेशन. डचांना 'जपानी' कलाकृती नको होत्या. त्यांना हवा होता चिनी मालाचा पर्याय. त्यामुळे अरितातल्या पहिल्या निर्यातीच्या ताटल्यांवर चिनी पद्धतीचे पांढऱ्यावर निळे कप्पे, फुलं, पक्षी आढळतात. आकारांचं काय करायचं? बिअरचा मग, सुरी चालवता येईल अशी रुंद कडेची ताटली, मोहरीची कुपी, यातलं काहीच अरिताच्या कुंभाराने पाहिलेलं नव्हतं. म्हणून डच लाकडी नमुने बनवून पाठवायचे. कुंभाराने तो नमुना हातात घ्यायचा, फिरवून बघायचा आणि तसंच मातीत उतरवायचं. ही वस्तू कोण वापरणार, त्यात काय भरणार, हे त्याला कधी कळत असेल का? बिझनेस कॉन्टेक्स्ट नसताना फक्त रिक्वायरमेंट डॉक्युमेंटवरून कोड लिहिणाऱ्याला त्याचं दुःख कळेल. काही ताटल्यांवर तर मधोमध कंपनीचा लोगोच आहे: व्ही, ओ आणि सी ही अक्षरं एकमेकांत गुंफलेली, आणि भोवती पूर्वेकडचे पक्षी आणि डाळिंबं.

पण अरिताचे लोक नुसती नक्कल करत बसले नाहीत. १६४० च्या दशकात त्यांनी झिलईवर रंगकाम करायचं तंत्र आत्मसात केलं. भांडं एकदा कडक भाजून घ्यायचं, मग त्यावर लाल, हिरवा, पिवळा मुलामा रंगवून पुन्हा कमी आचेवर भाजायचं. काकिएमोन घराण्याच्या कागदपत्रांनुसार हे तंत्र नागासाकीतल्या एका चिनी माणसाकडून मिळालं. त्यातून दोन शैली निघाल्या. एक काकिएमोन: दुधासारखा पांढरा पृष्ठभाग, त्यावर मोजकीच नाजूक चित्रं, बरीचशी जागा मोकळी सोडलेली. दुसरी तिच्या अगदी उलट: गडद निळा, लाल आणि सोनेरी, इंचभरही जागा रिकामी नाही, लग्नातल्या शालूसारखी झगमग. युरोपातल्या राजेरजवाड्यांना दोन्हींनी वेड लावलं.

या दुसऱ्या शैलीला जग 'इमारी' म्हणतं. इमारी हे जवळच्या बंदराचं नाव. माल बनायचा अरितात, बोटीत चढायचा इमारीत, म्हणून नाव इमारीचं झालं. आपल्या कालिकतवरून कापडाला 'कॅलिको' नाव पडलं तसंच. बनवणाऱ्याचं नाव मागे राहतं आणि जिथून शिपमेंट निघतं त्याचं नाव होतं.

हे सगळं किती काळ चाललं? खिडकी उघडली १६४४ मध्ये. १६८३ साली तैवानमधल्या झेंग घराण्याने शरणागती पत्करली. त्याच वर्षी सम्राट कांग्शीने जिंगदेझेनवर देखरेखीसाठी आपला अधिकारी पाठवला. भट्ट्या नव्याने बांधल्या जातच होत्या. आणि १६८४ मध्ये समुद्री व्यापारावरची बंदी उठली. बरोब्बर चाळीस वर्षं.

मूळ व्हेंडर परत आला, तोही स्वस्तात. चिनी मालाशी किमतीत टक्कर देणं अरिताला शक्य नव्हतं. व्हीओसीची खरेदी घटत गेली. वर १७१५ मध्ये जपानी सरकारने डच जहाजांची संख्या वर्षाला दोनवर आणली, कारण देशातलं तांबं आणि चांदी बाहेर चालली होती. खाजगी व्यापार काही काळ टिकला, पण अठराव्या शतकाच्या मध्यापर्यंत कंपनीची अधिकृत खरेदीही संपली.

आणि मग सगळ्यात बोचरी गोष्ट. चिनी भट्ट्यांनी इमारीची नक्कल करायला सुरुवात केली! निळा, लाल, सोनेरी, सगळं तसंच, फक्त स्वस्त. संग्राहक त्याला 'चिनी इमारी' म्हणतात. जो शिष्य नक्कल करून शिकला, त्याची नक्कल आता गुरू करत होता.

तिकडे युरोपही स्वस्थ बसलेला नव्हता. सॅक्सनीचा इलेक्टर आणि पोलंडचा राजा ऑगस्टस पोर्सेलीनवेडा होता. ड्रेस्डेनमधल्या त्याच्या एका राजवाड्याचं नावच पडलं 'जपानी महाल'. त्याने योहान बोट्गर नावाच्या किमयागाराला सोनं करून दे म्हणून डांबून ठेवलं होतं. सोनं काही झालं नाही, पण शास्त्रज्ञ चिर्नहाउस आणि बोट्गर यांच्या प्रयोगांतून १७०८ मध्ये पोर्सेलीनचं कोडं सुटलं आणि १७१० मध्ये माइसेनचा कारखाना उभा राहिला. बघा, जपानमध्ये काय नि जर्मनीत काय, हे गुपित उलगडणारे हात कैद्यांचेच.

माइसेनने सुरुवातीला ज्यांच्या हुबेहूब नकला केल्या त्यांत काकिएमोन होतं. रोडोल्फ लमेअर नावाच्या पॅरिसच्या व्यापाऱ्याने तर सॅक्सनीचा मंत्री हॉइम याला हाताशी धरून राजाच्या संग्रहातले अस्सल जपानी नग नमुना म्हणून कारखान्यात आणवले, त्यांच्या प्रती काढून घेतल्या आणि पॅरिसमध्ये अस्सल जपानी म्हणून विकल्या. माइसेनची खूण अशा रीतीने करवून घेतली की ती खरवडून काढता यावी. १७३१ मध्ये बिंग फुटलं. लमेअरला अटक झाली आणि हॉइमच्या पतनाला हे प्रकरणही कारणीभूत ठरलं. एका अर्थाने हे अरितातल्या कारागिरांना मिळालेलं मोठंच सर्टिफिकेट. अर्थात त्याचा एक पैसाही त्यांच्यापर्यंत पोचला नाही.

मग अरिता संपलं का? नाही. आणि म्हणूनच मला हा इतिहास लिहावासा वाटला.

निर्यात आटल्यावर अरिता आणि आसपासच्या गावांनी घरच्या गिऱ्हाइकाकडे तोंड वळवलं. एदो आणि ओसाका ही शहरं फुगत होती, हातात पैसा खेळणारा व्यापारी वर्ग वाढत होता. सोबा नूडल्स बुडवून खायचे छोटे पेले, रोजच्या जेवणाचे वाडगे, बश्या असा माल निघू लागला. शेजारच्या हासामी गावाने तर जाडसर, स्वस्त वाडग्यांचा सपाटा लावला. ओसाकाजवळच्या योदो नदीवर बोटींतून खायला विकणारे लोक प्रवाशांवर खेकसायचे, "कुरावांका!" म्हणजे आपल्या भाषेत "ए, खातोस की नाही?" त्या बोटींवर असले वाडगे असायचे म्हणून त्यांना 'कुरावांका' हेच नाव पडलं. युरोपातल्या राजाच्या कपाटातून थेट नदीवरच्या टपरीवर! ऐकायला उतरण वाटते, पण चुली पेटत्या राहिल्या त्या टपरीमुळे.

गुपितं मात्र राहिली नाहीत. नाबेशिमा सरकारने खास आपल्या वापराच्या आणि शोगुनला नजराणे देण्याच्या भांड्यांसाठी ओकावाची नावाच्या डोंगरकपारीत कारखाना ठेवला होता, वाटेवर चौकी बसवून. आत जायला बंदी, बाहेर यायला बंदी. तरीही १८०४ मध्ये सेतो गावचा कातो तामिकिची क्युशूत आला, तिथल्या भट्ट्यांवर राबून तंत्र शिकला आणि १८०७ मध्ये परत गेला. मग सेतोतही पोर्सेलीन व्हायला लागलं. चौकी बसवून ज्ञान अडवता येत नाही, फार तर उशीर करता येतो.

१८२८ मध्ये वादळात लागलेल्या आगीने अरिताचं बहुतेक गाव जळलं. ते पुन्हा उभं राहिलं. १८६७ च्या पॅरिसच्या जागतिक प्रदर्शनात सागा संस्थानाने, म्हणजे त्याच नाबेशिमांनी, अरिताचा माल मांडला आणि युरोपचं दार पुन्हा किलकिलं झालं.

या दुसऱ्या डावाचं जे उदाहरण आपल्याला ओळखीचं असेल ते मात्र अरिताचं नाही. मोरिमुरा बंधूंनी १८७६ मध्ये न्यूयॉर्कमध्ये दुकान टाकलं आणि १९०४ मध्ये नागोयाजवळच्या नोरिताके खेड्यात कारखाना काढला. अमेरिकन घरात खपेल असा पूर्ण डिनर सेट बनवायला त्यांना १९१४ उजाडलं. दहा वर्षं! अडलं कुठे? पंचवीस सेंटिमीटरच्या सपाट ताटलीपाशी. भाजताना तिचा मधला भाग वाकायचा. या वेळी कोणताही स्पर्धक बंद पडलेला नव्हता. गिऱ्हाईक रोज जेवतो कशात, हे त्याच्याच शहरात दुकान मांडून आधी समजून घेतलेलं होतं, आणि मग त्या एका ताटलीवर दहा वर्षं डोकं फोडलं होतं.

आता पहिल्या प्रश्नाकडे. आपल्या इंडस्ट्रीचीही एक खिडकी होती. वाय-टू-केच्या वेळी जगाला अचानक हजारो प्रोग्रामर हवे झाले, त्यांच्याकडे ते नव्हते आणि आपण होतो. त्यानंतर आपण बरेच पुढे आलो, पण "खर्च कमी" हे आपलं पहिलं वाक्य अजून फारसं बदललेलं नाही. आणि आता कोड लिहिणारी यंत्रंच आली आहेत. कॅन्टीनमध्ये चहा पिताना हा विषय निघाला की टेबलावर जी शांतता पसरते, ती तुम्हालाही माहीत असेल.

अरिताच्या गोष्टीतून मी माझ्यापुरतं एवढंच घेतो. खिडकी मिळणं हे नशीब असतं आणि ती बंद होणार हे नक्की असतं. लाकडी नमुन्याबरहुकूम माल देणारे त्या चाळीस वर्षांत कमावतात. पण पुढे तगून राहतं ते त्या काळात हातात मुरलेलं कसब, आणि ते घेऊन नदीवरच्या टपरीवाल्याकडे जायची तयारी. आपल्या गावातल्या गिऱ्हाइकासाठी आपण शेवटचं काय बनवलं, याचं उत्तर माझ्याकडे फारसं चांगलं नाही. तुमच्याकडे असेल तर जरूर कळवा.

जाता जाता: मुंबईच्या छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात टाटा घराण्याच्या संग्रहातून आलेल्या चिनी-जपानी वस्तूंची दालनं आहेत. एखाद्या रविवारी मॉलऐवजी तिकडे चक्कर टाका. जपानी भांडं दिसलं की नक्षी तर बघाच, पण आकारही बघा, आणि तो आकार कुणी कुणाला सांगितला असेल याचा जरा विचार करा.

असो. भेटू पुढच्या शनिवारी.